काळ्या मातीत टेक्सास सेज: मे महिन्यातील चौथऱ्यापासून तिसऱ्या वर्षाच्या छाटणीपर्यंत

रुपेरी पानांचे आणि जांभळ्या फुलांचे टेक्सास सेज हे झुडूप इंदूरच्या रोपवाटिकांत मिळते आणि हौसेने नेलेही जाते. परंतु पहिल्या पावसासोबत लावलेली त्याची रोपे अनेकदा गणपती येईपर्यंत पिवळी पडतात आणि नवरात्रापर्यंत वाळून जातात. मग दोष रोपवाटिकेला किंवा माळव्याच्या उन्हाला दिला जातो. वास्तविक उन्हाने हे झुडूप क्वचितच मरते. ते मरते मुळाशी साचलेल्या पाण्याने आणि त्यावर केलेल्या अनावश्यक सेवेने. पुढील सर्व टप्पे याच एका गोष्टीभोवती आहेत, आणि त्यांचा क्रम बदलल्यास एकेक टप्पा बिनचूक करूनही उपयोग होत नाही.

वनस्पतिशास्त्रात या झुडुपाचे नाव ल्युकोफायलम फ्रुटेसेन्स असे आहे. नावात सेज (म्हणजे साल्विया) असले तरी ते साल्वियाच्या कुळातले नव्हे, त्यामुळे साल्वियासाठी सांगितलेले खत-पाणी याला लागू करू नये. मूळ प्रदेश म्हणजे अमेरिकेतील टेक्सासचा दक्षिण व पश्चिम भाग आणि त्याला लागून असलेला उत्तर मेक्सिको. तेथे ते चुनखडीच्या खडकाळ उतारांवर वाढते आणि त्यातल्या बऱ्याच भागांत वर्षाला २५० ते ६०० मिलिमीटर पाऊस पडतो. इंदूरला साधारण ९०० ते १,००० मिलिमीटर पडतो, तोही बहुतांश जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत, आणि पडतो तो पाणी धरून ठेवणाऱ्या काळ्या मातीवर. मातीचा अल्कधर्मीपणा आणि बोअरच्या पाण्यातला क्षार यांची या झुडुपाला फारशी अडचण होत नाही. अडचण आहे ती मातीतल्या चिकणपणाची.

## टप्पा १: जागा (एप्रिल)

दिवसातून किमान सहा तास थेट ऊन मिळेल अशी जागा लागते. आंब्याच्या किंवा कडुलिंबाच्या विरळ सावलीत रोप जगते, पण फांद्या लांबट होतात, पानांचा रुपेरीपणा हिरवटाकडे झुकतो आणि फुले मोजकी येतात. दक्षिणेकडची किंवा पश्चिमेकडची भिंत, जिच्याजवळ दुपारी इतर रोपे होरपळतात, ती याला चालते. मात्र भिंतीपासून किमान सव्वा मीटर अंतर ठेवावे, कारण पूर्ण वाढलेले झुडूप दीड ते अडीच मीटर उंच आणि जवळपास तेवढेच रुंद होते.

ऊन पाहून झाल्यावर पाण्याच्या वाटा पाहाव्यात. गच्चीच्या परनाळीचे पाणी कोठे पडते, एसीची नळी कोठे सोडली आहे, अंगण धुतल्यावर पाणी कोणत्या कोपऱ्यात जाते, हिरवळीवरचा फवारा कोठपर्यंत पोहोचतो, हे सर्व एकदा पाण्याची बादली ओतून प्रत्यक्ष पाहावे. नुसत्या नजरेने अंगणाचा उतार हमखास उलटा वाटतो.

सावधान: हिरवळीच्या कडेला हे झुडूप लावू नये. हिरवळीला उन्हाळ्यात वरचेवर पाणी लागते आणि याला ते नको असते. दोघांपैकी एक जाणारच, आणि जाते ते बहुधा झुडूप.

## टप्पा २: निचऱ्याची चाचणी (एप्रिलचा शेवट)

हा टप्पा बहुतेक लोक गाळतात, आणि जे करतात त्यांच्यापैकी बरेच जण तो चुकीचा करतात. नेहमीची पद्धत अशी सांगितली जाते की एक फूट लांब, एक फूट रुंद आणि एक फूट खोल खड्डा करून तो पाण्याने भरावा, आणि पाणी किती वेळात उतरते ते पाहावे. लाल मातीत हे ठीक आहे. काळ्या मातीत मात्र एप्रिल-मे महिन्यांत बोट जाईल एवढ्या भेगा पडलेल्या असतात, आणि पहिल्या बादलीचे पाणी त्या भेगांतून पाहता पाहता नाहीसे होते. निचरा उत्तम आहे असा समज होतो आणि थेट लावणीची तयारी सुरू होते. जूनमध्ये तीच माती पाणी पिऊन फुगते, भेगा मिटतात, आणि त्याच खड्ड्यातले पाणी दोन-दोन दिवस जागचे हलत नाही.

म्हणून चाचणी पुढीलप्रमाणे करावी.

१. एक फुटाचा खड्डा करावा. पहारीने खणताना त्याच्या बाजू गुळगुळीत होतात. त्या खुरप्याने खरवडून घ्याव्यात, नाहीतर चिकण मातीचा लेप बसून निकाल चुकतो.

२. पहिल्या दिवशी सकाळी आणि संध्याकाळी खड्डा काठोकाठ भरावा. हे पाणी मोजण्यासाठी नसून माती फुगवण्यासाठी आहे. दुसऱ्या दिवशीही हेच करावे.

३. तिसऱ्या दिवशी खड्डा पुन्हा भरावा, त्यात एक फूटपट्टी उभी रोवावी, आणि चार तास दर तासाला पातळी टिपून घ्यावी.

तासाला अडीच सेंटिमीटर किंवा त्याहून अधिक पाणी उतरत असेल तर जागा चांगली आहे आणि पुढच्या टप्प्यातील चौथरा थोडा बुटका केला तरी चालेल. इंदूरच्या आसपास टेकाडावर वसलेल्या काही वस्त्यांत फूट-दीड फुटाखाली मुरूम लागतो, तेथे असा निकाल मिळू शकतो. सपाट भागांत, विशेषतः जेथे पूर्वी गहू-सोयाबीनची शेते होती अशा वसाहतींत, तासाला एक सेंटिमीटरही पाणी उतरत नाही. तेथे सपाट जमिनीत लावणी करायचीच नाही, असे आधीच ठरवून टाकावे.

## टप्पा ३: चौथरा (मे)

काळ्या मातीत काम करताना सर्वांत महाग पडणारी चूक म्हणजे खोल खड्डा खणून त्यात वाळू, मुरूम आणि शेणखत भरणे. खड्ड्यातले मिश्रण पाणी भराभर आत घेते, भोवतालची चिकण माती ते बाहेर जाऊ देत नाही, आणि आजूबाजूच्या अंगणाचे पाणीही त्यातच उतरते. म्हणजे आपण कष्ट करून रोपासाठी हौद बांधलेला असतो. तळाला गिट्टीचा थर दिल्यानेही काही साधत नाही. बारीक मातीतले पाणी खालच्या मोठ्या पोकळ्यांत सहज उतरत नाही. ते थराच्या वरच अडून राहते, आणि नेमकी तेथेच मुळे असतात.

त्यामुळे खाली जाण्याऐवजी वर यावे. एका झुडुपासाठी तळाशी दीड मीटर आणि माथ्यावर सुमारे ९० सेंटिमीटर व्यासाचा, ४५ सेंटिमीटर उंचीचा गोल उंचवटा पुरतो. याला सुमारे अर्धा घनमीटर, म्हणजे चाळीस ते पन्नास घमेली मिश्रण लागते. कुंपणासाठी रांग लावायची असल्यास वेगवेगळे चौथरे न करता सलग वरंबा करावा आणि त्यावर रोपांमध्ये सव्वा ते दीड मीटर अंतर धरावे. दाट कुंपण लवकर हवे म्हणून अर्ध्या मीटरवर रोपे लावली की तीन वर्षांत मधल्या फांद्यांना हवा आणि ऊन मिळेनासे होते आणि झुडुपे आतून उघडी पडतात.

मिश्रणाचे प्रमाण तीन भाग कठीण मुरूम, दोन भाग मूळची काळी माती आणि एक भाग जाड वाळू असे ठेवावे. माती पूर्ण वगळू नये, कारण नुसत्या मुरमात पहिल्या उन्हाळ्यात रोपाला ओल धरता येत नाही. प्लास्टरची बारीक वाळू वापरू नये. ती चिकण मातीत मिसळली की मिश्रण मोकळे होण्याऐवजी विटेसारखे आवळते. वाळू चाळून वर राहिलेला जाड भाग येथे उपयोगाचा असतो, आणि बांधकाम चालू असलेल्या घरी तो बहुधा फेकायलाच ठेवलेला असतो.

मुरूम विकत घेताना त्याची परीक्षा करावी. मूठभर मुरूम बादलीभर पाण्यात रात्रभर ठेवावा. सकाळी खडे खड्यांसारखेच राहिले असतील आणि पाणी थोडेसे गढूळ असेल तर माल चांगला. तळाशी पिवळट चिखल झाला असेल तर तो मुरूम रस्त्याच्या भरावाला ठीक आहे, आपल्याला नको. ट्रॉलीवाला एकाच भावात दोन्ही देतो, म्हणून ट्रॉली रिकामी होण्याआधी खडा हातात घेऊन पाहावा.

चौथरा रचण्यापूर्वी खालची जमीन टिकावाने १५ ते २० सेंटिमीटर खोल मोकळी करावी आणि मिश्रणाचे पहिले पाच-सहा घमेले त्यात कालवावेत. असे केल्याने वरचा आणि खालचा थर एकदम वेगळे पडत नाहीत आणि पाणी मधल्या रेषेवर अडत नाही. नंतर पंधरा-पंधरा सेंटिमीटरचे थर देत, प्रत्येक थरावर थोडे पाणी शिंपडून, पायाने न तुडवता चौथरा पूर्ण करावा. पायथ्याभोवती १० ते १५ सेंटिमीटर खोल चर काढून तो अंगणाच्या खालच्या अंगाला नेऊन सोडावा. शेजाऱ्याच्या भिंतीकडे मात्र सोडू नये.

तपासणी: ओले मिश्रण मुठीत घट्ट दाबून मूठ उघडावी. बोटाने टोचताच गोळा फुटला पाहिजे. गोळा तसाच राहिला तर आणखी मुरूम घालावा. शेणखत, गांडूळखत, कोकोपीट यांपैकी काहीही या मिश्रणात नको.

## टप्पा ४: पावसाळाभर थांबणे (जून ते सप्टेंबर)

चौथरा तयार झाला की रोप लावण्याचा मोह होतो, आणि पाऊस सुरू झाला की तो अधिकच होतो, कारण झाडे लावण्याचा काळ तोच अशी आपल्या मनाची घडण आहे. सागवान, आवळा, कडुलिंब यांच्यासाठी ते खरे आहे. टेक्सास सेजच्या कोवळ्या मुळांना मात्र पहिले चार महिने सतत ओल्या मातीत काढावे लागले तर ती कुजतात. शिवाय नव्या चौथऱ्याची माती पावसात आठ-दहा सेंटिमीटर बसते, आणि तिच्यासोबत रोपही खाली जाऊन त्याचा बुंधा मातीत गाडला जातो.

रिकामा चौथरा पावसाळ्यात सोडण्याचा आणखी एक लाभ असा की त्याची खरी परीक्षा होते. दीड इंची पीव्हीसी नळीच्या साठ सेंटिमीटरच्या तुकड्याला खालच्या निम्म्या भागात खिळा तापवून भोके पाडावीत आणि तो चौथऱ्याच्या मध्यभागी पंचेचाळीस सेंटिमीटर खोल रोवावा. वरचे तोंड डब्याच्या झाकणाने बंद करावे, नाहीतर पावसाचे पाणी थेट नळीत पडेल. जोराचा पाऊस होऊन गेल्यावर दुसऱ्या दिवशी नळीत वाळलेली बांबूची काडी तळापर्यंत सोडून बाहेर काढावी. काडीचे टोक नुसते दमट झाले असेल तर चौथरा चांगला झाला आहे. चार बोटांपर्यंत पाणी चढलेले दिसले तर चर खोल करावा आणि पुढच्या पावसानंतर पुन्हा पाहावे. ऑगस्टमध्येही पाणी चढत असेल तर चौथऱ्याची उंची आणखी पंधरा-वीस सेंटिमीटर वाढवल्यावाचून लावणी करू नये.

या काळात चौथऱ्यावर गाजरगवत उगवेल. ते फुलावर येण्याआधी हातमोजे घालून मुळासकट उपटावे. तणनाशक वापरू नये. सप्टेंबरच्या शेवटी बसलेला भाग त्याच मिश्रणाने भरून माथा पुन्हा मूळ उंचीला आणावा.

## टप्पा ५: रोपाची निवड (ऑक्टोबरचा पहिला पंधरवडा)

पिशवीतले ३० ते ४५ सेंटिमीटर उंचीचे, बुडापासून तीन-चार फांद्या फुटलेले रोप घ्यावे. फुलांनी लगडलेले मोठे रोप आकर्षक दिसते, पण ते पिशवीत फार दिवस राहिलेले असण्याचा संभव असतो आणि त्याची मुळे गोल फिरून एकमेकांत गुंतलेली असतात. पिशवीच्या तळाच्या भोकांतून जाड मुळे बाहेर आली असतील तर ते रोप सोडून द्यावे.

पाने जवळून पाहावीत. निरोगी पानावर दोन्ही बाजूंना पांढुरक्या, मखमली लवेचा सारखा थर असतो. भिंगातून पाहिल्यास ही लव सरळ केसांची नसून फांद्या फुटलेल्या अतिसूक्ष्म केसांची असल्याचे दिसते. येथे दोन गैरसमज होतात. पहिला असा की हा भुरी रोग आहे; त्यापायी चांगल्या रोपावर गंधकाची भुकटी धुरळली जाते. भुरी डागाडागांनी येते आणि बोटाने पुसली जाते, तर ही लव कोवळ्या शेंड्यापासून जुन्या पानापर्यंत एकसारखी असते. दुसरा गैरसमज याच्या उलट आहे. पानांच्या बेचक्यांत कापसासारखे पुंजके दिसले तर ते लवेचा भाग समजून सोडून दिले जातात, पण तो पिठ्या ढेकूण असतो. काडीने पुंजका फोडून पाहिल्यास आत गुलाबी-पिवळट कीड हलताना दिसते. असे रोप घरी आणू नये.

रोप हिरव्या जाळीखाली ठेवलेले असेल तर घरी आणल्यावर आठ-दहा दिवस ते सकाळच्या उन्हात ठेवून मग पूर्ण उन्हाची सवय लावावी. ‘ग्रीन क्लाउड’ या जातीची पाने मुळातच हिरवट असतात, तेव्हा रुपेरी झुडूप हवे असल्यास जातीचे नाव विचारून घ्यावे.

## टप्पा ६: लावणी (१५ ऑक्टोबर ते नोव्हेंबरअखेर)

पाऊस ओसरलेला असतो, माती अजून उबदार असते, आणि पाणी किती द्यायचे हे ढगांच्या नव्हे तर आपल्या हातात असते. म्हणून हाच काळ उत्तम. तो चुकल्यास फेब्रुवारीत लावणी करता येते, परंतु मग पहिल्या उन्हाळ्यात पाण्याकडे अधिक लक्ष द्यावे लागते.

१. आदल्या दिवशी पिशवीला पाणी द्यावे. कोरडा गड्डा पिशवी कापताना फुटतो.

२. पिशवी बाजूने चिरून काढावी, ओढून काढू नये. गड्ड्याच्या कडेची चिकण माती किंवा कोकोपीट बोटांनी हलकेच झाडावे; गड्ड्याचा साधारण बाहेरचा पाव भाग गेला तरी चालतो. गोल फिरलेली मुळे सोडवावीत आणि न सुटणारी धारदार कात्रीने कापावीत.

३. चौथऱ्याच्या माथ्यावर गड्ड्याएवढाच, पण तीन सेंटिमीटर कमी खोल खड्डा करावा. रोप ठेवल्यावर गड्ड्याचा माथा भोवतालच्या मातीपेक्षा तीन सेंटिमीटर वर राहिला पाहिजे. याबाबतीत डोळ्यावर विसंबू नये. खड्ड्यावर एक काठी आडवी ठेवून पाहावे.

४. काढलेलेच मिश्रण परत भरावे आणि हाताने हलके दाबावे. भोवती आळे करू नये. गुलाबाला, लिंबाला आळे करण्याची सवय हाताला इतकी जडलेली असते की माळी न सांगताच ते करून मोकळा होतो. येथे माती बुंध्याकडून बाहेरच्या बाजूला उतरती हवी.

५. एकदाच, सावकाश, पाच-सहा लिटर पाणी द्यावे.

६. चौथऱ्याच्या माथ्यावर तीन-चार सेंटिमीटर जाडीचा गिट्टीचा थर पसरावा, पण बुंध्याभोवती वीतभर जागा उघडी ठेवावी. पालापाचोळा, नारळाच्या शेंड्या किंवा लाकडाचा भुसा पसरू नये, कारण त्याखाली बुंध्याशी ओल टिकते.

सावधान: लावणीच्या वेळी डीएपी किंवा युरिया टाकू नये आणि नंतरही टाकू नये. नत्राने फांद्या लुसलुशीत होऊन लवतात आणि फुले कमी येतात. या झुडुपाच्या खतासाठी वेगळा टप्पा लिहिलेला नाही, कारण जमिनीत लावलेल्या झुडुपाला खत लागतच नाही.

## टप्पा ७: पाणी (पहिली दोन वर्षे)

पाणी देण्याचे वेळापत्रक नळाच्या वेळापत्रकावरून ठरवू नये. शहरात नर्मदेचे पाणी जेथे एक दिवसाआड येते तेथे नळ आला की नळी सर्व झाडांवरून फिरवण्याची पद्धत पडलेली आहे, आणि टेक्सास सेज त्यात सापडले की एक दिवसाआड भिजत राहते. माळ्याला सांगून भागत नाही, कारण बदली माळी आला की सांगणे विसरले जाते. शक्य असल्यास या चौथऱ्यापर्यंत नळी पोहोचणारच नाही अशी व्यवस्था करावी आणि पाणी बादलीनेच द्यावे.

पाणी देण्याआधी स्वेटरची सुई किंवा सायकलची जुनी तार बुंध्यापासून वीतभर अंतरावर दहा सेंटिमीटर खोल घालावी. ती स्वच्छ बाहेर आली तरच पाणी द्यावे. टोकाला ओली माती चिकटली असेल तर दोन दिवसांनी पुन्हा पाहावे. ही तपासणी प्रधान मानावी. खालील अंतरे केवळ अंदाज येण्यासाठी आहेत.

पहिल्या महिन्यात साधारण पाच-सहा दिवसांनी पाच लिटर पाणी पुरते. डिसेंबर-जानेवारीत ते अंतर बारा ते पंधरा दिवसांवर न्यावे, कारण थंडीत वाढ जवळजवळ थांबते. मार्च ते मान्सून या पहिल्या उन्हाळ्यात दर आठ-दहा दिवसांनी दहा लिटर पाणी द्यावे, मात्र ते बुंध्याशी न ओतता चौथऱ्याच्या माथ्याच्या कडेकडेने द्यावे, म्हणजे मुळे बाहेरच्या बाजूला पसरतात. पहिला दमदार पाऊस झाला की सप्टेंबरअखेरपर्यंत पाणी पूर्ण बंद. पावसाने पंधरा दिवस दडी मारली तरीही बंद. दुसऱ्या उन्हाळ्यात तीन आठवड्यांतून एकदा आणि तिसऱ्या उन्हाळ्यात महिन्यातून एकदा पाणी पुरेसे होते.

सर्वांत घातक चूक येथे, कोमेजलेले रोप पाहून होते. पाण्याअभावीही पाने मलूल होतात आणि अतिपाण्यानेही होतात, कारण कुजलेली मुळे पाणी वर नेऊच शकत नाहीत. आपण दोन्ही वेळा पाणीच देतो. फरक असा ओळखावा: पाणी कमी पडले असेल तर पाने आखडतात, कुरकुरीत होतात आणि तार कोरडी निघते. पाणी जास्त झाले असेल तर आतल्या भागातली पाने आधी पिवळी पडून मऊ होतात आणि हात लागताच गळतात, तार ओली निघते, आणि बुंध्याची साल मातीलगत नखाने खरवडल्यास आत हिरवी न दिसता तपकिरी दिसते.

तपकिरी रंग बुंध्याच्या एकाच बाजूला असेल तर गिट्टी दूर करावी, बुंध्याभोवतीची माती चार बोटे खाली उकरून तो उघडा करावा आणि पाणी तोडावे. एखादे रोप यातून सावरते. रंग भोवताल फिरलेला असेल तर ते रोप काढून टाकावे. बुरशीनाशकाचे द्रावण मुळाशी ओतणे म्हणजे आधीच भिजलेल्या मुळांना आणखी एक बादली पाणी देणे होय, आणि पाणी साचण्याचे कारण तसेच राहिले तर औषधाचा परिणाम टिकतही नाही.

## टप्पा ८: फुलांचा काळ

या झुडुपाला ठरलेला एकच हंगाम नसतो. कोरड्या काळानंतर पाऊस पडून हवा दमट झाली की काही दिवसांत पानांच्या बगलांतून कळ्या येतात आणि सगळे झुडूप एकदम जांभळे होते. या सवयीमुळेच टेक्सासकडे याला बॅरोमीटर झुडूपही म्हणतात. फूल साधारण अडीच सेंटिमीटर लांबीचे, घंटेच्या आकाराचे, पाच पाकळ्यांचे असून आत घशाशी त्याला बारीक लव असते. बहर आठवडाभर टिकतो आणि अनुकूल हवा मिळाल्यास वर्षात अनेकदा येतो. कळ्या आणण्यासाठी पानांवर पाणी फवारण्याचा उपाय कोणी सांगितल्यास तो करू नये. लवेत अडकलेले पाणी लवकर सुकत नाही आणि पानांवर काळे डाग पडतात.

पहिल्या वर्षी फुले थोडी येणे स्वाभाविक आहे. दुसऱ्या वर्षीही आली नाहीत तर ऊन कमी, पाणी जास्त आणि चुकीची छाटणी ही तीन कारणे याच क्रमाने तपासावीत.

## टप्पा ९: छाटणी (दुसऱ्या वर्षापासून, फेब्रुवारीचा दुसरा पंधरवडा)

मेंदीच्या कुंपणाला मारतात तशी मोठी कात्री या झुडुपावर चालवू नये. वरून सपाट कापले की कळ्या धरणारे कोवळे शेंडेच जातात, बाहेरून पानांचे दाट कवच तयार होते आणि आत नुसत्या काड्या उरतात. चौकोनी कुंपणच हवे असेल तर मेंदीच लावावी. तिला ते मानवते.

सिकेटर (एका हाताने चालवायची छाटणीची छोटी कात्री) घेऊन एकेक फांदी कापावी. प्रथम वाळलेल्या आणि एकमेकींवर घासणाऱ्या फांद्या काढाव्यात. नंतर फार लांब गेलेली फांदी तिच्या उगमाशी किंवा बाजूच्या फांदीच्या बेचक्यापर्यंत मागे घ्यावी, मध्येच तोडून खुंट ठेवू नये. एका वर्षात झुडुपाचा एक तृतीयांशाहून अधिक भाग काढू नये. जुने झुडूप बुडाशी उघडे पडले असल्यास त्याच्या जाड फांद्या तीन वर्षांत, दरवर्षी एक तृतीयांश, जमिनीपासून फूटभरावर कापून नवी फूट आणता येते. सर्व फांद्या एकदम पानविरहित लाकडापर्यंत कापल्यास झुडूप पुन्हा फुटेलच असे नाही.

जुलै-ऑगस्टमध्ये छाटणी करू नये. त्या वेळी कापलेल्या जागा ओल्या राहतात आणि येऊ घातलेल्या कळ्याही जातात.

## टप्पा १०: कुंडीतली लागवड आणि छाटकलमे

ज्यांच्याकडे जमीन नाही त्यांनी सोळा इंची मातीची कुंडी घ्यावी, त्यात चौथऱ्याचेच मिश्रण वापरावे पण काळी माती एकच भाग ठेवावी, आणि कुंडी दोन विटांवर ठेवून तळाचे भोक मोकळे ठेवावे. कुंडीखाली ताटली ठेवू नये. जून ते सप्टेंबर कुंडी पाऊस लागणार नाही पण ऊन लागेल अशा छज्जाखाली सरकवावी आणि त्या काळात दहा दिवसांतून एकदा थोडे पाणी द्यावे. सिमेंटच्या गच्चीवर मे महिन्यात कुंडी सर्व बाजूंनी तापते, त्यामुळे तेव्हा पाणी तीन-चार दिवसांनी लागते. कुंडीतल्या झुडुपाला फेब्रुवारीत मूठभर गांडूळखत देण्यास हरकत नाही. जमिनीतल्यापेक्षा एवढीच सवलत.

नवी रोपे करायची झाल्यास सप्टेंबरमध्ये, पाऊस कमी होऊ लागला की, त्याच वर्षीच्या अर्धवट पक्व फांद्यांची आठ ते दहा सेंटिमीटरची छाटकलमे घ्यावीत. वाकवल्यावर फांदी लवचिकपणे वळून मग कट्कन मोडली तर ती योग्य वयाची आहे. नुसतीच वळली तर कोवळी, आणि न वळताच मोडली तर जून. खालच्या निम्म्या भागातली पाने काढून टोक मुळे फुटण्याच्या संजीवक पावडरीत बुडवावे, जादा पावडर झटकावी, आणि निम्मी जाड वाळू व निम्मा परलाइट (हलके, पांढरे, सच्छिद्र खडे) यांच्या ओलसर मिश्रणात खोचावे. येथेही चूक पाण्याचीच होते. इतर कलमांप्रमाणे वर प्लास्टिकची पिशवी घट्ट बांधली की दोन आठवड्यांत लवेवर बुरशी धरते आणि पाने गळतात. कलमे उघड्या, उजेडाच्या सावलीत ठेवावीत आणि फवारा न मारता केवळ माध्यम दमट राखावे. चार ते सहा आठवड्यांनी कलम हलकेच ओढून पाहावे. विरोध जाणवला तर मुळे धरली आहेत. सगळीच कलमे धरत नाहीत, म्हणून दोन रोपे हवी असतील तर दहा कलमे लावावीत. धरलेली कलमे छोट्या पिशव्यांत हलवून फेब्रुवारीपर्यंत उन्हात वाढवावीत. त्यांनाही पुढचा पावसाळा छपराखाली काढू द्यावा, आणि ऑक्टोबरमध्ये तयार चौथऱ्यावर न्यावे.